दुध्याची पोथी

पडद्यावरच्या एका शिपायाला मी गावातल्या खऱ्या शिपायाचं नाव दिलं, आणि त्या सिनेमाचा शेवट तेव्हा मी बघितलेला नव्हता.

चूक एवढीच आहे, एका वाक्यात मावते. पण त्या वाक्यात मी तीन आठवडे कोंडून पडलो होतो आणि अजूनही मार्च लागला की त्याच्या आत जाऊन बसतो. हिंगोलीत घर केल्याला आता बरीच वर्षं झाली. फेब्रुवारी संपता संपता गावाबाहेरच्या वावरांतून शिजत्या हळदीचा वास यायला लागतो. तो वास ज्याने घेतला नाही त्याला सांगणं अवघड आहे. ओल्या मातीचा, थोडा कापराचा, थोडा धुराचा, आणि खाली कुठेतरी उकडलेल्या कंदाचा गोडसरपणा. शेजारचे लोक म्हणतात, काय सुंदर वास सुटलाय. मी खिडकी लावून घेतो.

त्या वर्षी आमचं गाव परभणी जिल्ह्यात होतं. म्हणजे गाव हललं नाही, जिल्हा नंतर हलला. मी तिथे प्राथमिक शाळेवर मास्तर होतो. साखऱ्याकडे जाणारा रस्ता सोडून आत वळलं की आमचं गाव, आणि पुसेगाव तिथून पायी दीड तास. गावात हळद थोड्याच वावरांत होती, पण जेवढी होती तेवढी एकाच पंधरवड्यात निघायची. पहाटेच मोठमोठ्या लोखंडी कढया चुलवणावर चढायच्या, वर हळदीचा पाला आणि त्यावर ओली पोती दाबायची. ऊन तापायच्या आत शिजवणं उरकायचं, मग दुपारी सगळं गाव सावली शोधत फिरायचं. शाळाही सकाळची झालेली. दुपारी साडेबाराला वर्ग रिकामे, मास्तर रिकामा, गाव रिकामं. माझ्या हातून जे जे घडलंय ते अशाच रिकाम्या वेळी घडलंय.

त्याच्या आधीच्या मे महिन्यात मी पुण्याला सिनेमा समजून घ्यायच्या एका शिबिराला गेलो होतो. सिनेमा काही समजला नाही. पण तिथे एक फिल्म क्लब बंद पडत होता आणि त्याचं कपाट रिकामं करायचं चाललं होतं. क्लब काढणारे गृहस्थ हवाई दलातून निवृत्त झालेले होते. ते वारले, आणि मागे एक जुना प्रोजेक्टर आणि रिळांचे पाच डबे ठेवून गेले. त्यांना एकाच गोष्टीचं वेड होतं, लष्करी हवाई जहाजांचं. विमानं नव्हेत. विमानाच्याही लहानपणचं जहाज, पंख नसलेलं, पोटात वायू भरलेलं, कापडाचं लांबुळकं अजस्र धूड, आणि त्याच्या पोटाखाली टांगलेली एक पाटी, जिच्यात सैनिक उभे राहायचे. सिनेमा बोलायला शिकला नव्हता त्या काळात परदेशात अशा जहाजांवर जे चित्रपट निघाले त्यांतले पाच डबे यांनी कुठून कुठून जमवले होते. ते कोणालाच नको होते. क्लबाचा कारकून म्हणाला, "घेऊन जा मास्तर, निदान उंदीर तरी खायचे नाहीत." मी ते सगळं एसटीच्या टपावर चढवून मराठवाड्यात आणलं. बायको दारात उभी होती. ती नुसती बाजूला झाली. लग्नाला बारा वर्षं झाली की असं बाजूला होता येतं.

संध्याकाळी खेळ करणं शक्य नव्हतं. गावातले दिवे लागले की विजेचा दाब इतका उतरायचा की प्रोजेक्टरचा दिवा विझत्या निखाऱ्यासारखा दिसायचा. म्हणून खेळ दुपारी. चौथीच्या वर्गाच्या खिडक्यांना हळदीची रिकामी पोती ठोकली, दाराला दुहेरी तरट लावलं. पडदा म्हणून माझं लग्नातलं धोतर. आत साठ-सत्तर माणसं, बाहेर मार्चचं ऊन, वर पत्रे, मध्ये प्रोजेक्टरचा तापलेला दिवा. पोत्यांच्या विणीतून येणारा उजेड पिवळा असायचा आणि त्या उजेडात माणसांचे चेहरे अंगाला हळद लावून बसवल्यासारखे दिसायचे. एकदा आत बसलं की उठून जायची सोय नव्हती. दाराचं तरट हललं तर पडद्यावरचं आभाळ पुसून जायचं आणि सगळे मिळून शिव्या द्यायचे.

पहिले दोन डबे छोट्या फिल्मांचे. एकीत कथा वगैरे काही नव्हती. एका अवाढव्य शेडमधून शे-दीडशे शिपाई दोर धरून एक जहाज बाहेर ओढतात. बस, एवढंच. वारा येतो, जहाज डुलतं, शिपाई दोरासकट फरफटतात, पुन्हा उभे राहतात. किसनराव पुढच्या रांगेत होते. किसनराव म्हणजे गावातलं वडीलधारं माणूस, देवळातल्या पोथीचे कर्तेधर्ते. ते म्हणाले, "बिथरलेला वळू बाहेर काढून राहिले जसं." मागून कोणीतरी म्हणालं, "वळू न्हाई, दुधी हाय त्यो. दुधी भोपळा." त्या क्षणापासून आमच्या गावात त्या यंत्राचं नाव दुध्या पडलं. युरोपातल्या इंजिनिअरांनी काय नावं ठेवली असतील ती असोत.

दुसऱ्या फिल्ममध्ये दुध्या एका शहरावर बॉम्ब टाकतो. शहर पुठ्ठ्याचं होतं. धुराडी कोसळायची ती काड्यापेटीसारखी, आणि जहाज ज्या दोऱ्याला टांगलं होतं तो दोरा स्वच्छ दिसत होता. लोक पोट धरून हसले. मीही हसलो. नंतर पुष्कळ वर्षांनी, एकटा असताना, मला त्या पुठ्ठेवाल्यांचा विचार आला. ज्यांनी ते शहर कापून चिकटवलं त्यांनी आभाळातून पडलेला बॉम्ब तोवर बघितलेला नसणार. त्यांनी तो मनानेच रचला, फटाके लावून उडवला, लोकांना घाबरवलं, हसवलं. आणि मग पाच-सहा वर्षांत खरी जहाजं खऱ्या शहरांवर आली. गंमत म्हणून रचलेलं आपल्या अंगावर चालून येतं तेव्हा कसं वाटतं, हे मला त्या लोकांना विचारायचं आहे. मला थोडंफार ठाऊक आहे, पण माझं शहर अगदीच लहान होतं.

उरलेल्या तीन डब्यांत मिळून एक गोष्ट होती. एक तरुण शिपाई, बारीक मिशीचा, आईचा निरोप घेऊन जहाजावर रुजू होतो. मधूनमधून पडद्यावर मजकुराच्या पाट्या यायच्या, त्या जर्मनमध्ये. मला इंग्रजीच कशीबशी येते. म्हणजे सांगणारा मी, आणि मलाच वाचता येत नव्हतं. पण मला सांगायची सवय होती. श्रावणात देवळात पोथी लागायची तेव्हा किसनराव ओवी वाचायचे आणि मी अर्थ सांगायचो. दुपारच्या पोथीला अर्धं देऊळ पेंगतं. त्यावर मी एक युक्ती काढली होती. राजा म्हटलं की, "जसे आपले किसनराव." राक्षस म्हटलं की गावातल्या एखाद्या आडदांड गड्याचं नाव. नाव घेतलं की त्या घराची सगळी माणसं जागी व्हायची, आणि त्यांना हसायला बाकीचे.

तीच युक्ती मी इथे केली. पहिल्या रिळाला दहा मिनिटं झाली होती, उकाड्याने लोक भिंतीला टेकले होते. पडद्यावर तो मिशीवाला पोरगा आईच्या हातावर डोकं टेकत होता. मी म्हणालो, "आणि हा बघा, आपला भानुदास निघाला."

सगळे जागे झाले.

भानुदास म्हणजे धुरपतामायचा मुलगा. गावातला एकुलता एक फौजी. धुरपतामाय मेंढ्या-बकऱ्या राखायची, हळदीच्या दिवसांत पहाटे चुलवणावर कामाला जायची, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. खेळाला ती दाराशी बसायची, एक कान बाहेर लिंबाखाली बसवलेल्या बकऱ्यांकडे. तिला भानुदासचं पत्र संक्रांतीच्या आधी आलं होतं, त्यानंतर नाही. आधी दर महिन्याला यायचं. हे मला ठाऊक होतं. गावातल्या निम्म्या लोकांची पत्रं मीच वाचून द्यायचो, आणि पोस्टमन आला की ती बकऱ्या सोडून शाळेच्या फाटकाशी येऊन उभी राहायची आणि काही न विचारता परत जायची, हे मी रोज बघत होतो. तरी माझ्या तोंडून ते नाव गेलं. गेलं म्हणजे काय, हशा मिळेल म्हणून मीच सोडलं.

ती दाराशीची उठली, माणसांच्या मधून वाट काढत पुढे आली आणि पडद्यापासून हातभरावर बसली. बकऱ्यांकडे लक्ष द्यायला तिने कोणालाही सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुसरं रीळ. त्यात पोरगा दुर्बिणीतून बघतो, नकाशावर बोट ठेवतो, सोबत्यांना हसवतो, पाटीच्या काठावरून खाली वाकून हात हलवतो. मी सगळीकडे भानुदास, भानुदास करत राहिलो. आता ते नाव काढून घेणं शक्यच नव्हतं. धुरपतामाय मधेच विचारायची, "जेवला का त्यो?" मी म्हणायचो, जेवला. "काय खाल्लं?" मी म्हणायचो, भाकरी आणि चटणी. "वर कोन भाजून देतं?" किसनराव म्हणाले, "माय, फौजेत समदी सोय असती." तो हात हलवायचा तेव्हा तीही हलवायची, लाजत, पदराच्या आतून.

गोष्टीच्या तिसऱ्या डब्याचं झाकण गंजून बसलं होतं. आधी उघडायचा मी कंटाळा केला होता. त्या संध्याकाळी सायकलच्या पान्याने ते उघडलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी शाळेची घंटा व्हायच्या आत एकट्याने ते रीळ लावून बघितलं.

दुध्या पेटला. आधी शेपटाकडे एक छोटीशी ज्वाळा, मग ती पोटावरून सरकत पुढे आली. सोबत्यांनी खाली तळ्यात उड्या टाकल्या. पोरगा राहिला. खाली एक खेडं होतं, जळतं धूड त्या घरांवर पडू नये म्हणून तो चाक धरून राहिला. आणि मूकपटाची जी गोष्ट मला आजही सहन होत नाही ती तिथे होती. तो ओरडत होता. तोंड उघडं, मानेच्या शिरा ताणलेल्या, आणि आवाज नाही. प्रोजेक्टरची टकटक तेवढी. मग माळावर राखेचा लांब ढीग. मग त्या आईचं घर. दोन अधिकारी येतात, टेबलावर एक टोपी ठेवतात. म्हातारी टोपीकडे बघते. संपलं.

मी पोत्यांनी झाकलेल्या त्या वर्गात घंटा होईपर्यंत बसून राहिलो. त्या जहाजातल्या माणसांची एक गोष्ट माझ्या डोक्यातून जाईना. खाली उतरायला जागा नाही, आणि आपण ज्याला लटकलोय तेच पेटणारं आहे. मीही त्या घडीला माझ्याच गोष्टीला लटकलो होतो.

त्या दुपारी मी जाहीर केलं की प्रोजेक्टरचा दिवा गेला. लोक गेले, धुरपतामाय थांबली. म्हणाली, "दिवा आनायला हिंगोलीला कधी जाता?" मी म्हणालो, बघतो. चार दिवसांनी दिवा आला, म्हणजे होता तोच आला, आणि मी पुन्हा पहिलं रीळ लावलं. मग दुसरं. मग तिसऱ्याचा डबा सापडत नाही म्हणालो. मग सापडला पण फिल्म चिकटलीय, वाळवतोय म्हणालो. दोन आठवडे मी असं काहीबाही सांगत काढले. पहिलं रीळ लोकांना इतकं पाठ झालं की शिपाई वळायच्या आधी सगळे माना वळवायचे. पोस्टमन येत होता आणि धुरपतामाय फाटकाशी उभी राहत होती. तिथून ती सरळ वर्गात यायची आणि पुढे बसायची. एके दिवशी मला म्हणाली, "पत्र न्हाई आलं त न्हाई आलं, रोज डोळ्यानं त पाहून राहिले." मला वाटलं, आता हे धोतर पडद्यावरून ओढून काढावं आणि कमरेला गुंडाळून हिंगोलीची गाडी धरावी. पण बदलीचा अर्जसुद्धा मेच्या आधी घेत नाहीत.

शेवटी किसनरावांनी मला देवळाच्या पारावर धरलं.

"मास्तर, ही पोथी तुमी अर्धी काहून सोडून राहिले?"

"किसनराव, ती पोथी नाही. सिनेमा आहे."

"काय बी असू द्या. लोकं पायतान भायेर काढून बसतेत. नाव घेऊन सांगतल्याली गोष्ट हाय. सुरू केली की समाप्ती करा लागती. न्हाई त ज्याचं नाव घेतलं त्याला बरं नसतं." मग आवाज खाली आणून म्हणाले, "अन् त्याचं नाव तुमी घेतलं. माय तकलीफमंदी हाय. तिच्या ध्यानात आलं त?"

म्हणजे रीळ दाखवलं तर भानुदास तिच्या डोळ्यांदेखत जळणार, आणि नाही दाखवलं तर अर्ध्या सोडलेल्या पोथीचं खापर त्याच्या डोक्यावर. किसनरावांनी रविवारचा दिवस ठरवून टाकला, नारळाचं मी बघतो म्हणाले.

त्या प्रोजेक्टरला एक खटका होता. तो दाबला की रीळ उलटं फिरायचं. शनिवारी सायंकाळी माझं लक्ष त्या खटक्याकडे गेलं. आपल्याला सुचलेली कल्पना फार चांगली आहे असं मला आयुष्यात जेव्हा जेव्हा वाटलं, तेव्हा पुढे काय झालं याची यादी बायकोपाशी आहे. मी रीळ शेवटपर्यंत नेऊन ठेवलं. उद्या शेवटाकडून सुरुवातीकडे.

रविवारी वर्गात पाय ठेवायला जागा नव्हती. किसनरावांनी पडद्याखाली नारळ आणि गूळ ठेवला. धुरपतामाय न्हाऊन, धुवट लुगडं नेसून आलेली. मी दिवा लावला, खटका दाबला.

पहिल्यांदा आली ती टोपी. टेबलावर टोपी, म्हातारी बघतेय. मी खणखणीत आवाजात म्हणालो, "भानुदासच्या घरी एक टोपी आली आहे. पण साहेब म्हणतात, माय, ही तुमच्या पोराची नाही, चुकून आणली." आणि खरंच, अधिकाऱ्याने हात पुढे केला, टोपी उचलली, आणि दोघेही उलट्या पावलांनी दाराबाहेर गेले. वर्गात एक सुस्कारा सुटला. मला स्वतःला इतकं बरं वाटलं की काय सांगू.

"साहेब लोक उलटे काहून चालून राहिले?" कोणीतरी विचारलं.

"तिकडे घरधनिणीला पाठ दाखवत नाहीत."

"चांगली रीत हाय," किसनराव म्हणाले.

मग राखेचा ढीग. तो हलला, फुगला, त्यातून ज्वाळा उठल्या आणि ज्वाळांमधून दुध्या सावकाश वर उचलला गेला. मी सांगत होतो की भानुदास आग विझवतोय. आग खरंच विझत होती, पुढून मागे, पोटावरून शेपटाकडे आकसत. आजही मी म्हणतो की त्याहून सुंदर काही मी पडद्यावर पाहिलेलं नाही. जळालेलं कापड पुन्हा कापड होत होतं. तळ्यातलं पाणी उसळलं आणि त्यातून एकेक सोबती कोरडाठाक होऊन, पाय वर करून, शंभर हात उंच उडून पाटीत जाऊन उभा राहिला.

"पान्यातून वर?" किसनराव.

"फौजेतली माणसं आहेत, किसनराव."

कोणी हसलं नाही. ज्वाळा छोटी झाली, नाहीशी झाली. स्वच्छ आभाळात दुध्या तरंगू लागला, पोरगा दुर्बीण डोळ्याला लावून उभा. मी म्हणालो, "भानुदास सुखरूप. इति समाप्त." आणि किसनरावांकडे बघितलं, की फोडा नारळ.

धुरपतामाय बसल्या जागेवरून बोलली. वळली नाही, पडद्याकडेच बघत होती.

"मास्तर, धूर आत जाऊन राहिला व्हता."

मी खटक्यावरचा हात काढून घेतला.

"म्या पंधरा दिवस झाले चुलवणाम्होरं हाय. धूर आत जात नस्तो. आता सुलटं लावा."

मी म्हणालो, माय, कशाला. किसनरावही म्हणाले, राहू द्या आता. ती म्हणाली, "दार झाका अन् सुलटं लावा."

मी लावलं. यावेळी मी काही सांगितलं नाही, सांगण्यासारखं काही नव्हतं. टकटक टकटक. दुर्बीण, ज्वाळा, उड्या, चाक, ते उघडं तोंड. त्या पिवळ्या काळोखात सत्तर माणसं बसली होती. बाहेर बकऱ्या ओरडत होत्या. टोपी टेबलावर ठेवली गेली तेव्हा धुरपतामाय म्हणाली, "कोनाचं लेकरू हाय हे?"

"ठाऊक नाही, माय. परदेशातला कोणी नट असेल."

"मेलं का?"

"गोष्टीत मेलं. तो माणूस नंतर घरी गेला असेल."

"अन् भान्या?"

"भानुदासचं मला काही ठाऊक नाही."

"येवढं पहिल्याच दिशी म्हनायला काय झालतं?"

ती उठली. किसनरावांनी नारळ फोडला, पण तो आवाज फारच मोठा आला. तिने खोबऱ्याचा तुकडा घेतला, कपाळाला लावला आणि बकऱ्या घेऊन गेली. मला वाटलं, आता सुटलो. पोत्यांचे खिळे उपसताना वर्गात पांढरा उजेड आला तेव्हा मला अगदी मोकळंमोकळं वाटलं होतं. परवा हिंगोलीत एका ओळखीच्याकडे कॉम्प्युटरवर असंच एक जुनं हवाई जहाज बघितलं. आता त्या चित्रांना मागून कोणीतरी संगीत लावलंय, व्हायोलिन वगैरे. जहाज पेटायच्या आधीच व्हायोलिन रडायला लागतं, म्हणजे बघणाऱ्याला आधीच कळतं आणि तो सावरून बसतो. मला ते बंद करावंसं वाटलं. मग आठवलं, सावरून बसवण्याचा धंदा मीही पुष्कळ केला आहे.

कारण एक गोष्ट मी अजून सांगितलेली नाही. लोकांची पत्रं मी वाचायचो ती जशीच्या तशी कधीच नाही. कुणाच्या मुलीने लिहिलेलं असायचं, सासू फार बोलते. मी वाचायचो, सासू फार बोलकी आहे. त्याने कोणाचं काय बिघडतं, असं मला वाटायचं. आदल्या वर्षी भानुदास बारा दिवस लष्कराच्या दवाखान्यात तापाने पडून होता. त्याने ते दोन ओळींत लिहिलं होतं, आता बरा आहे असंही लिहिलं होतं. मी त्या दोन ओळी गाळल्या. ती उगाच झुरेल, म्हणून.

समाप्तीनंतर आठवड्याभराने पत्र आलं. पोस्टमनने फाटकाबाहेरूनच हात वर करून दाखवलं. धुरपतामाय तिथेच होती. तिने ते घेतलं, उलटसुलट केलं, अक्षर बोटाने चाचपलं. मी पटांगण ओलांडून गेलो, चष्मा पुसला, हात पुढे केला. पत्रात काय होतं ते मला चार दिवसांनी पुसेगावच्या दवाखान्यातल्या कंपाउंडरकडून कळलं. भानुदास धडधाकट होता, दूर बर्फात बदली झाली होती, तिथून टपाल महिना-महिना निघत नाही, अन् माय, मागच्या साली ताप आला होता तसा आता काही नाही, काळजी करू नको. पण हे चार दिवसांनी. तेव्हा माझा हात तसाच पुढे होता आणि ती पत्र चोळीत खोवून पुसेगावच्या रस्त्याकडे वळली होती.

"माय," मी म्हणालो, "दीड तास चालायचं, एवढ्या उन्हात? मी वाचतो ना."

ती थांबली. रागाने नाही, शाळेत उशिरा आलेल्या पोराकडे मी बघायचो तसं तिने माझ्याकडे बघितलं.

"तुमच्याजवळ न्हाई. मले पोराचं आयकायचं हाय, मास्तर. तुमचं लई आयकलं."